काही घडलं नसल्याचा दाखला

आमचा घरमालक टाय बांधल्याशिवाय लिहायला बसत नसे. फुट्सक्रेच्या त्या घरावर पत्रा होता आणि जानेवारीत, म्हणजे इथल्या उन्हाळ्यात, तो असा तापायचा, की खाली बसवत नसे. तेव्हा हा मागच्या अंगणात लिंबाखाली टेबल टाकायचा. खाली अर्धी चड्डी, वर उघडं अंग, आणि गळ्यात काळा टाय, नीट गाठ मारलेला. पुढ्यात टाइपरायटर. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा नवऱ्याला म्हटलं, "ह्या माणसाचं डोकं ठिकाणावर नाही. दुसरी जागा बघा."

"दुसरी जागा कोण देतंय आपल्याला?" नवरा म्हणाला. "सात घरं बघून झाली. हा एकटा 'या' म्हणाला. बांधू दे की टाय. फेटा बांधला तरी माझी हरकत नाही."

मी एकदा त्याला विचारलंच. "मिस्टर, एवढ्या उन्हात टाय कशाला?"

"मिसेस, मी ऑफिसबद्दल लिहितोय. टाय नसेल तर ऑफिसात आत घेत नाहीत."

"पण हे तर अंगण आहे."

"बाहेरून अंगण आहे," तो म्हणाला आणि पुढे टाइप करायला लागला.

तो चेकोस्लोव्हाकियाचा, आम्ही वसईचे. त्याचं इंग्रजी मोडकं आणि माझं त्याहून मोडकं, त्यामुळे आमचं चांगलं जमायचं. नीट इंग्रजी बोलणारा समोर आला की दोघांनाही घाम फुटायचा. मी चौथीपर्यंत शिकलेली. नवरा फिटर, रेल्वेच्या वर्कशॉपमध्ये होता. मी सकाळच्या शिफ्टला बिस्किटांच्या फॅक्टरीत पॅकिंग करायची आणि दुपारी चर्चचा हॉल झाडायची. घरमालक टायरच्या फॅक्टरीत होता. पुढच्या दोन खोल्या त्याच्या, मागच्या दोन आमच्या, स्वयंपाकघर आणि फ्रिज सगळ्यांचा. माझ्या पोरीसकट आम्ही तिघं आणि तो एक, असे चौघं त्या घरात नऊ वर्षं राहिलो.

राहायला गेलो त्या पहिल्याच दिवशी त्याने मला एक छापील कागद दिला. कपडे वाळत घालण्याच्या परवानगीसाठी अर्ज. अर्जदाराचं नाव, कपड्यांची संख्या, वाळवण्याचं कारण, ऊन उपलब्ध असल्याचा पुरावा. माझी बादली हातात, पाणी गळतंय, आणि हा माणूस गंभीर तोंडाने पेन पुढे करतोय. मी कारणाच्या जागी मराठीत लिहिलं, 'ओले आहेत म्हणून.' त्याने कागद उलटासुलटा करून बघितला, खिशातून अर्धा कापलेला बटाटा काढला, तो शाईत बुडवला आणि कागदावर दाबला. बटाट्यावर त्याने सुरीने शिक्का कोरलेला होता. "मंजूर," तो म्हणाला आणि बादली स्वतः उचलून दोरीपाशी नेऊन ठेवली.

ही गंमत आहे हे मला दोन महिन्यांनी कळलं. आणि ती नुसती गंमत नाही हे कळायला आणखी वर्ष गेलं.

बटाट्यांवरून मात्र आमचं भांडण व्हायचं. हा माझ्या टोपलीतले बटाटे न्यायचा. मंजूरचा एक, नामंजूरचा एक, 'विचाराधीन'चा एक. काम झालं की परत टोपलीत. एकदा भाजी निळी झाली. मी ती ताटात वाढून त्याच्यासमोर ठेवली आणि म्हटलं, "खा. तुमचाच बटाटा आहे." त्याने खाल्ली. "नामंजूर होता," म्हणाला. "चवीवरून कळतं."

इथले लोक बोलताबोलता 'नो वरीज' म्हणतात. याला ते ऐकवत नसे. फोरमनने नो वरीज म्हटलं, की हा घरी येऊन स्वयंपाकघरात येरझाऱ्या घालायचा. "मिसेस, आमच्याकडे साहेब काळजी करू नका म्हणाला, की माणूस घरी जाऊन बॅग भरायचा. गरम मोजे आधी. कोठडीत थंडी असते."

तिकडे तो काय करायचा हे त्याने मला कपडे काढताना सांगितलं. वारा सुटला होता, चादर दोघांनी धरून घडी करावी लागत होती. मी सहज विचारलं, तिकडेही टायरची फॅक्टरी होती का. तो म्हणाला, "नाही. मी कारकून होतो. देशाबाहेर जायची परवानगी मागणारे अर्ज माझ्याकडे यायचे. अकरा वर्षं."

"मग द्यायचात परवानगी?"

"नाही."

"कुणालाच?"

"ज्यांना जायचं नसायचं त्यांना द्यायचो," तो म्हणाला. "सरकारी कामाने जाणाऱ्यांना. मिसेस, माझ्या खिडकीवर एक बाई यायची. तिचा मुलगा व्हिएन्नात आजारी होता. ती चार वेळा आली. मी एकदाही मान वर केली नाही. मान वर केली असती तर तिचा चेहरा लक्षात राहिला असता. आता मला तिचे फक्त हातमोजे आठवतात."

मी चादरीचं माझ्याकडचं टोक त्याच्या हातात दिलं. खरं सांगायचं तर मला त्याचा राग आला होता. माझा बाप जमिनीच्या एका उताऱ्यासाठी तालुक्याला नऊ वेळा गेला होता. खिडकीमागे असलाच कुणीतरी बसलेला असणार.

तसं मी त्याला म्हटलंही. "हे काही तुमच्या देशातच नसतं. आमच्याकडेही असंच."

तो तडकला. "नाही. तुमचा कारकून खोटं बोलतो तेव्हा ते त्याला माहीत असतं, तुम्हालाही माहीत असतं. तुम्ही बाहेर येऊन त्याला शिव्या देता. आम्ही खोटं बोलायचो आणि मग सगळ्यांनी मिळून त्यावर टाळ्या वाजवायच्या. आत कोण आणि बाहेर कोण, दोघांनी वाजवायच्या. त्या बाईनेसुद्धा."

त्याची बायको लवकर वारली होती. एक मुलगी होती. अडुसष्ट साली रशियाचे रणगाडे त्यांच्या देशात शिरले तेव्हा ती पाच वर्षांची. हा ऑफिसच्या कामाने दोन दिवसांसाठी व्हिएन्नाला गेला होता आणि मुलगी त्याच्या आईकडे होती. तो परत गेला नाही. मी त्याला तोंडावर विचारलं, "पोरीला सोडून कसे राहिलात?" माझी पोर तेव्हा मांडीवर डोकं ठेवून झोपली होती, म्हणून असेल, पण मला विचारल्याशिवाय राहवलं नाही.

"आधी वाटलं, दोन दिवस थांबू," तो म्हणाला. "मग वाटलं, आणखी दोन दिवस. मग निर्वासितांच्या छावणीत फॉर्म भरायला दिला. मुलांची संख्या, मी एक लिहिलं. मूल सध्या कुठे आहे, ते लिहायला त्या फॉर्मवर जागाच नव्हती." मग म्हणाला, "हे कारण नाही. मला माहीत आहे."

मुलगी मोठी झाली, आणि बापाला भेटायला जाण्यासाठी तिने तिकडे अर्ज केला. पहिला नामंजूर झाला. दुसरा झाला तेव्हा त्यांचं सरकारी पत्र तिने जसंच्या तसं उतरवून बापाला पाठवलं. मी भांडी घासत होते. तो मागच्या पायरीवर बसून पत्र वाचत होता आणि एकदम हसायला लागला. इतका हसला, की त्याला श्वास घेता येईना. मी पाणी घेऊन गेले.

"मिसेस, ऐका," तो म्हणाला आणि मला इंग्रजीत करून सांगितलं. "अर्जदाराने दिलेलं कारण हे कारण म्हणून स्वीकारता येत नाही, कारण ते अर्जदाराचं स्वतःचं आहे."

"मग?"

"हे वाक्य माझं आहे. मी लिहिलंय. मी अठ्ठावीस वर्षांचा होतो. साहेबाने सगळ्यांसमोर वाचून दाखवलं आणि मला फाउंटन पेन बक्षीस दिलं. तेव्हापासून सगळ्यांना हेच वाक्य जातं. अजून चालू आहे." तो पाणी प्यायला. "माझं एवढंच एक वाक्य साऱ्या देशाने वाचलंय. खाली माझं नाव नाही."

त्यानंतर तो रोज संध्याकाळी शिफ्टवरून आला की टाय बांधून बसायला लागला. नाटक लिहितोय म्हणाला. पण ते पुढे सरकेना. कागद चुरगळून फेकायचा आणि मी ते उचलून चूल पेटवायला ठेवायची.

एका दुपारी मी तांदूळ निवडत बसले होते. इथल्या पाकिटातल्या तांदळात खडा नसतो. हे मला पहिल्या महिन्यातच कळलं होतं. पण न निवडता तांदूळ शिजत टाकायला हात धजत नाही. ताटात पसरायचे, बोटाने ओळीओळीने पुढे सारायचे. आमच्याकडच्या सगळ्या बायका तेच करत होत्या, आणि कुणी कुणाला ते सांगत नव्हती. घरमालक दारात येऊन उभा राहिला.

"काय शोधताय?"

"खडे."

"सापडले?"

"नाही."

"काल?"

"नाही."

"ह्या देशात आल्यापासून किती सापडले?"

"एकही नाही."

"मग रोज का शोधता?"

"निवडल्याशिवाय शिजवायचे कसे?" मी म्हटलं. मान वर न करता म्हटलं असणार, कारण तो पुढे आला आणि वाकून माझ्या तोंडाकडे बघायला लागला. मग पळत जाऊन टाय बांधला आणि तीन तास टाइपरायटरचा खडखडाट चालू होता.

दुसऱ्या दिवशी म्हणाला, "मिसेस, तुम्ही माझ्या नाटकात बसायचं. काही करायचं नाही. खिडकीमागे बसून तांदूळ निवडायचे."

"मला इंग्रजी येत नाही."

"तीन शब्द आहेत. 'नो', 'टुमॉरो' आणि 'नेक्स्ट'. ते येतात ना? ते आले की कुठल्याही सरकारात नोकरी मिळते."

नाटक असं होतं. एक माणूस खिडकीवर येतो. गेल्या वर्षी आपल्या बाबतीत काहीही घडलं नाही, असा दाखला त्याला हवा असतो. त्या दाखल्याशिवाय त्याला कामावर घेत नाहीत. ऑफिस म्हणतं, काही घडलं नाही हे पाहिलेले दोन साक्षीदार आणा. तो आणतो. एक साक्षीदार म्हणतो, हे घडलं नाही तेव्हा मी तिथेच होतो. दुसरा म्हणतो, मी झोपलो होतो, पण काही घडलं असतं तर जागा झालो असतो. मग साक्षीदारांच्या बाबतीत काही घडलं नाही हे कुणी पाहिलं, त्याचे आणखी दोन साक्षीदार लागतात. असं होताहोता शेवटी सगळे कागद जमतात. तेव्हा ऑफिस म्हणतं, तुम्ही इथे अर्ज घेऊन आलात. हे घडलं. सबब दाखला देता येत नाही. आणि ह्या सगळ्या वेळात मी मान खाली घालून तांदूळ निवडत असते.

त्याच्या देशातला एक खाटीक अर्जदार झाला. त्यांच्या क्लबातले दोघं म्हातारे साक्षीदार झाले, तिसरा ऑफिसातला साहेब झाला. फादरने हॉल दिला, कारण झाडणारी मीच होते. तालीम रविवारी, चर्चमधली मास संपल्यावर. नवरा आधी नको म्हणत होता, पण एक दिवस येऊन मागच्या बाकावर बसला आणि इतका हसला की घरमालकाने त्याला बाहेर काढलं. "तुम्ही हसलात की हे लोक माणसासारखे बोलायला लागतात," म्हणाला. "कारकुनासारखे बोलले पाहिजेत."

पोस्टर त्याने हाताने लिहिलं. लेखकाच्या नावाच्या जागी लिहिलं, 'पद रिक्त आहे.' खाटकाला हे पटायचं नाही. तो मोठा तोंडाळ माणूस होता. "नाव घालायला घाबरतोस? इथे कोण येतंय तुला पकडायला?"

कारण सगळ्यांना माहीत होतं. मुलीचा तिसरा अर्ज गेलेला होता. बाप परदेशात बसून सरकारची टिंगल करतो हे तिकडे कळलं असतं, तर अर्ज गेलाच, वर तिला कॉलेजातूनही काढलं असतं. मी त्याला म्हटलं, "एवढी भीती आहे तर करूच नका नाटक. पोरगी महत्त्वाची की हे?"

"अकरा वर्षं मी गप्प बसलो, मिसेस," तो म्हणाला. "तेव्हाही कागद अडकतच होते."

मला ते पटलं नाही. अजूनही पुरतं पटलेलं नाही. पण मी ताट घेऊन गेले.

प्रयोग जुलैतल्या एका रविवारी दुपारी झाला. हॉलमध्ये थंडी अशी की लोक कोट घालून बसले होते. साठेक माणसं असतील. खिडकीमागे मी लोकांकडे तोंड करून बसलेली. मान खाली ठेवायची होती, पण माणूस डोळे वर करतोच. शेवटच्या रांगेत एक जण एकटा बसला होता. करडा सूट, मांडीवर वही. सगळे हसत होते आणि तो लिहीत होता.

घरमालक पडद्यामागून शब्द पुरवत होता. त्यालाही तो माणूस दिसला असणार, कारण त्याचा आवाज बंद झाला. खाटीक नेमका त्याच वेळी विसरला. त्याने आधीचंच वाक्य पुन्हा म्हटलं. मग तिसऱ्यांदा म्हटलं. लोकांना वाटलं हे नाटकातलंच आहे. टाळ्या पडल्या. मी 'नेक्स्ट' म्हणून टाकलं आणि गाडी पुढे गेली.

नाटक संपल्यावर चहा होता, खोबऱ्यात घोळवलेले लॅमिंग्टन केक होते. तो सूटवाला कप हातात घेऊन आमच्याकडे आला. घरमालक पडद्याच्या दोरीपाशी उभा होता, तोंड पांढरं पडलेलं. दोरी सोडेना.

"फार छान झालं," तो माणूस म्हणाला. "लेखक कोण? पोस्टरवर तर पद रिक्त आहे."

मग खाटकाने तोंड उघडलं. मी त्याला ओळखत होते, तो नाव सांगून मोकळा झाला असता. मी म्हटलं, "मी."

"तुम्ही?"

"हो, मी. मी लिहिलं."

त्याने माझ्याकडे पाहिलं, हातातल्या ताटाकडे पाहिलं. "कुठल्या देशाबद्दल आहे हे?"

"माझ्या. आमच्या तालुक्याच्या ऑफिसबद्दल. माझा बाप एका कागदासाठी नऊ वेळा गेला होता." हे तरी खरं होतं.

त्याने माझं नाव विचारलं. इंग्रजीत मला जे थोडे शब्द न चुकता लिहिता येतात त्यांत माझं नाव आहे. मी एकेक अक्षर सांगितलं, त्याने लिहून घेतलं आणि गेला. मी हॉल झाडायला घेतला. फार मोठं काही केलं असं मला वाटलं नाही. एक वाक्य बोलायचं होतं, ते माझ्या जवळ होतं, मी बोलले.

तो माणूस त्यांच्या सरकारचा नव्हताच. तो आमच्या भागातल्या फुकट वाटायच्या साप्ताहिकाचा वार्ताहर होता. गुरुवारी पेपर आला आणि आमची पोरगी तो घेऊन ओरडत आत आली. बारा वर्षांची होती तेव्हा. "मम, तू नाटक लिहिलंस? आर यू सीरियस?"

"काय लिहिलंय ते वाच."

लिहिलं होतं, की बिस्किटांच्या फॅक्टरीत काम करणाऱ्या एका भारतीय गृहिणीने आपल्या देशातल्या सरकारी कारभारावर एक झणझणीत ॲब्सर्ड नाटक लिहिलंय. ताट धरलेला माझा फोटोही होता.

"ॲब्सर्ड म्हणजे काय गं?"

"लाइक... वेडपट. बट गुड वेडपट."

नवऱ्याचं डोकं फिरलं. "आपण इथे काल आलो आणि तू सरकारवर नाटकं लिहितेस?"

"मी लिहिलेलं नाही."

"मग तसं सांग त्या पेपरवाल्यांना."

"सांगता येत नाही."

"ह्या घरात राहून तूही तसलीच झालीस," तो म्हणाला आणि जेवला नाही. संध्याकाळी पेपराचे आणखी चार अंक घेऊन आला, वसईला पाठवायला.

मराठी मंडळातल्या एका डॉक्टरीणबाईंचा फोन आला. तोवर त्या मला हॉलमधल्या कार्यक्रमात खुर्च्या मांडणारी म्हणून ओळखत होत्या. "अहो, तुम्ही लिहिता हे बोलला नाहीत कधी! गणपतीला आपल्याकडे एक भाषण द्याल का?" मी म्हटलं, घसा बसलाय. तो घसा मी पुढे कित्येक वर्षं बसलेलाच ठेवला.

मी घरमालकाला म्हटलं, "तो साधा पेपरवाला होता. मी उगाच बोलले. सांगू का त्यांना, चूक झाली म्हणून?"

"नको," तो म्हणाला. "आमच्या वकिलातीत सगळे पेपर वाचतात, असलेसुद्धा. आता छापून आलंय की हे एका भारतीय बाईने लिहिलं. ह्याहून चांगला दाखला मलाही करता आला नसता."

म्हणाला खरा, पण पुढचे आठ दिवस माझ्याशी बोलला नाही. स्वयंपाकघरात मी असले की तो परत फिरायचा. आपलं नाव देता येत नाही हे त्याने सोसलं होतं. दुसऱ्याचं छापलेलं बघणं त्याला जड गेलं. मला ते कळत होतं, पण मी समजूत घालायला गेले नाही. नवव्या दिवशी फ्रिजवर ते कात्रण चिकटवलेलं दिसलं. वर बटाट्याचा शिक्का होता, मंजूर.

"एकच तक्रार आहे," तो म्हणाला. "ॲब्सर्ड का लिहिलं? मी त्यात काही वाढवलेलं नाही. खरं होतं त्यातलं थोडं कमीच केलंय."

तिसरा अर्ज मंजूर व्हायला दोन वर्षं लागली. मुलगी वीस वर्षांची झाली होती. तीन आठवड्यांची परवानगी होती, आणि आजी तिकडे राहणार, म्हणजे ही परत येणार, असा त्यांचा हिशेब. घरमालकाने घर रंगवलं. टाइपरायटर उचलून पलंगाखाली ठेवला. मला बाजूला घेऊन म्हणाला, "मिसेस, ती परत गेली की तिला बसवून विचारतील. बाप काय करतो, काय बोलतो, काय लिहितो. जे तिला माहीत नाही ते ती सांगू शकणार नाही."

"म्हणजे नाटक माझंच."

"तुमचंच."

मुलगी उंच, केस कापलेले, बापासारखीच भुवई वर करून बघणारी. पंधरा वर्षांनी भेटलेली दोघं एकमेकांशी फार जपून वागायची. मीठ दे म्हणतानाही आधी विचार करायची. दुसऱ्या दिवशी तिने फ्रिजवरचं कात्रण वाचलं. तिला शाळेतलं इंग्रजी येत होतं.

"हे तुम्ही लिहिलं?"

"हो."

"आमच्याकडची ऑफिसं अगदी अशीच आहेत," ती म्हणाली आणि बापाकडे वळून हसली. बाप चहा ओतत होता. "बाबा असलं काही कधीच लिहिणार नाहीत. आजी म्हणते, ते फार जपून राहणारे. कुणाच्या अध्यात नाहीत."

"हो," तो म्हणाला. "मी जपून राहतो." चहा त्याने न सांडता ओतला.

जायच्या आदल्या दुपारी ती माझ्याकडे आली. नाटक वाचायला मिळेल का म्हणाली. नाही कसं म्हणणार? नाटक माझं होतं. घरमालकाने माझ्याकडे ठेवायला दिलेले कागद मी ट्रंकेतून काढून दिले. ती माझ्या स्वयंपाकघरात बसून वाचायला लागली. अडली की शब्दकोश बघायची. बाप अंगणात लिंबाच्या फांद्या कापत होता. खिडकीतून मला तो दिसत होता. तीच एक फांदी तो कितीतरी वेळ कापत होता.

ती हसत होती. मोठ्याने हसत होती. मग एका पानावर थांबली. तिथे असं होतं.

घरात माणसं किती?

एक.

गेल्या वर्षी किती होती?

दोन.

मग काहीतरी घडलंय.

नाही, साहेब. एक जण दोन दिवसांसाठी बाहेर गेलाय.

हॉलमध्ये इथे लोक खुर्च्यांवरून पडायचे बाकी राहिले होते. ती हसली नाही. तिने शब्दकोश उघडला नाही. त्यातला एकही शब्द कठीण नव्हता. पुढचं तिने शेवटपर्यंत हसत वाचलं आणि मग तेच पान पुन्हा काढलं.

"दोन दिवस," ती मला म्हणाली. "हे तुम्हाला कसं सुचलं?"

"आमच्याकडे माणसं मुंबईला दोन दिवसांसाठी म्हणून जातात," मी म्हटलं. "येतच नाहीत."

ती माझ्याकडे बघत राहिली. मीही बघितलं. मी आयुष्यात पुष्कळ खोटं बोललेय, बहुतेक सगळं फॅक्टरीतल्या सुपरवायझरशी. ते एवढं अवघड कधी गेलं नव्हतं. मग ती म्हणाली, "हो. होतं असं." कागद नीट जुळवून माझ्या हातात दिले आणि अंगणात जाऊन बापाने कापलेल्या फांद्या गोळा करायला लागली.

तिला कळलं होतं की नाही, ते मला माहीत नाही. माहीत नाही ते मी लिहीत नाही.

दुसऱ्या दिवशी तो तिला विमानात बसवून आला. कोट न काढता माझ्या टेबलाशी बसला.

"वाचलं तिने?"

"सगळं."

"हसली?"

"हसली."

"कुठे?"

मी सांगितलं. झोपलेल्या साक्षीदाराला हसली. साक्षीदारांच्या साक्षीदारांना हसली. शेवटी दाखला नाकारतात तिथे तर टेबलावर हात मारला. तो एकेक जागा पुन्हा विचारत होता, किती हसली, मोठ्याने की नुसती. मी जेवढं पाहिलं तेवढं सांगितलं.

"आणि दोन दिवसांचं?"

"तिथे नाही."

मग म्हणाला, "हॉलमध्ये तिथे सगळे हसले होते. म्हणजे ती जागा चुकलीय. मिसेस, तुमची परवानगी असेल तर मी त्या चार ओळी काढून टाकतो."

तो गंमत करत नव्हता. खरंच विचारत होता. मी कागद पुढे केले नाहीत.

"काढायच्या नाहीत," मी म्हटलं. "ते पान तिने दोनदा वाचलं."

त्याने वर पाहिलं. "दोनदा?"

"दोनदा."